ऑग्सबर्गचा माणूस

शुक्रवार, २ ऑक्टोबर १९९८

पलंग खाली आणला. तीन माणसं लागली, आणि जिन्यातल्या भिंतीचा पोपडा गेला तो गेलाच. लोरेन्झ खुर्चीत बसून सूचना देत होता — डावीकडे, अजून डावीकडे, डावा हात कुठला ते तरी माहीत आहे ना? आजारी माणसाने इतकं बोलू नये. पण बोलला म्हणून मला बरं वाटलं.

आता तो बैठकीच्या खोलीत, खिडकीशी. समोर अंगण, सफरचंदाचं झाड, पलीकडे रस्ता. पियानो पायाशी आहे. झाकण उघडू नकोस म्हणाला.

डॉक्टर हेन्डलनी जाताना दारात आवाज खाली आणला. पोटातलं आता यकृतात गेलंय. नाताळपर्यंत धरून चाला, म्हणाले. मी म्हटलं, नाताळात त्याला भाजलेला हंस लागतो. काय बोलले मी! डॉक्टरांनी माझा हात दाबला आणि टोपी घातली.

शनिवार, ३ ऑक्टोबर

देशाच्या एकीकरणाची सुट्टी. दिवसभर झोपला. मी मोजा विणला आणि उसवला.

सोमवार, ५ ऑक्टोबर

कोर्बिनियान आला होता, धुराडं साफ करायला. काळा कोट, काळी टोपी, नाकावर काजळी. धुराडंवाल्याच्या कोटाच्या बटणाला हात लावला की नशीब उघडतं, तेव्हा मी लावलाच — सहासष्टाव्या वर्षी, चार वेळा. घराघरांत काय चाललंय ते त्याला कळतंच.

काम झालं तरी जाईना. टोपी हातात फिरवत उभा. गावचा पितळी बँड तोच चालवतो. हा गडी लाजणारा नव्हे. शेवटी सांगितलं. रविवारी दुपारी ‘इन्स्पेक्टर टाल्हामर’चे जुने भाग पुन्हा दाखवतात, ते त्याने व्हिडिओवर उतरवून घेतले. शेवटी नावं पळतात तिथे यंत्र थांबवलं. संगीत : लोरेन्झ श्टाडेल. चारदा मागेपुढे करून पाहिलं म्हणे.

“बाई, हे आपले श्टाडेल? ज्यांच्या धुराड्यात मी पंधरा वर्षं उतरतोय ते?”

आपलेच, म्हटलं.

बावीस वर्षं चालली ती मालिका. शुक्रवारी जेवणं उरकली की अख्खा देश टाल्हामरसमोर बसायचा. ती धून इथला पोस्टमन शिट्टीवर वाजवायचा, खाटीक वाजवायचा, आणि लोरेन्झ त्याच खाटकाकडून पाव किलो सॉसेज घेऊन मुकाट घरी यायचा. कधी सांगितलं नाही, मला सांगू दिलं नाही. गावाला वाटतं हा म्युनिकला टीव्हीत ‘काहीतरी’ होता. बहुधा वायरी जोडत असावा. शेवटी नाव यायचं ते दोन सेकंद, आणि त्यातही निवेदिका पुढच्या कार्यक्रमाबद्दल बडबडत असायची.

कोर्बिनियानचं म्हणणं असं : शनिवार, १४ नोव्हेंबरला शाळेच्या व्यायामशाळेत बँडची मैफल आहे. ग्रामपत्रिकेत सत्तरी गाठणाऱ्यांची यादी येते, त्यात त्याने पाहिलं — श्टाडेल मास्तरांची सत्तरी त्याच दिवशी. टाल्हामरची धून वाजवायची, मास्तरांना पहिल्या रांगेत बसवायचं, आणि वाजवण्याआधी उभं राहून सगळ्यांना सांगायचं, हे कुणाचं आहे ते.

मला रडू आलं आणि मी त्याला केक दिला.

मग माळ्यावरून गाठोडं काढलं. १९६७ सालचं. मोठी प्रत लोरेन्झच्या हातची, एकेका वाद्याचे सुटे कागद माझ्या हातचे. कोर्बिनियानला एक गोष्ट सांगितली : टीव्हीवर वाजते ती फक्त अडतीस सेकंदं. मूळ धून तीन मिनिटांची आहे. उरलेली कुणी कधी वाजवलीच नाही. त्याने गाठोडं तान्ह्या मुलासारखं उचललं. आमच्याकडे व्हायोलिनं नाहीत, म्हणाला, कुणाकडून तरी पितळी वाद्यांसाठी बसवून घ्यावं लागेल. बघतो.

लोरेन्झला कळू द्यायचं नाही. आणि चौदा तारखेच्या आधी कुणी शुभेच्छा द्यायच्या नाहीत. हे खरं तर सांगायची गरज नव्हती. वाढदिवसाआधी दिलेल्या शुभेच्छा माणसाला भोवतात, हे इथल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक आहे.

गुरुवार, ८ ऑक्टोबर

हाकललं मला! गुरुवार आहे ना, मग पोहायला जा. मी म्हटलं, तुला असा टाकून? वाल्बुर्गा आहे की, म्हणाला. वाल्बुर्गा म्हणजे आमची नर्स. दोन गाईंचं बळ आणि एका गाईचं बोलणं. जा, तीन तास तोंड दाखवू नकोस.

गेले. गरम पाण्याच्या तलावात बायकांबरोबर उभी राहिले, पोहले नाही. एकेचाळीस वर्षांत मी त्याला इतकी नकोशी कधी झाले नव्हते. आजारी माणसाचं मनावर घेऊ नये म्हणतात. म्हणणाऱ्यांच्या घरात आजारी माणूस नसतो.

सोमवार, १२ ऑक्टोबर

आज चांगला दिवस. दोन चमचे सूप जास्त. जुन्या टेप लाव म्हणाला, लावल्या. ऊदमांजरांचा माहितीपट, ’६३. लहान मुलांची ती कापडी बाहुल्यांची मालिका — त्यात एक उंदीर जिन्यावरून पडतो तेव्हा बासून वाद्याचा सूर पायरीपायरीने उतरतो. त्याने एका उंदरासाठी तीन दिवस घालवले होते. मग साबणाची जाहिरात. मग कुठल्याशा डोंगराळ प्रेमपटाचा शेवट, ज्यात नायिका बर्फात पळते आणि प्रत्यक्षात ते मीठ होतं.

बर्फाच्या प्रसंगाला मी म्हटलं, किती सुंदर आहे रे हे. मनापासून म्हटलं.

“तू बायको आहेस,” तो म्हणाला. “बायकोचं मत मोजत नाहीत.”

झालं! हे वाक्य मी ’५७ पासून ऐकते आहे. लग्नाआधी बरं मोजायचा! मी म्युनिकच्या स्टुडिओत तळघरात बसून कागद उतरवायची, वीस वादकांचे वीस. एकदा वर जाऊन सरळ सांगितलं, श्टाडेलसाहेब, तुमच्या हॉर्नवाल्याला इथे श्वास घ्यायला जागा नाही, मरेल तो. लोरेन्झने पाहिलं, रबर काढलं, दोन सूर खोडले. दुसऱ्या दिवशी कॉफीला बोलावलं. लग्न झालं आणि माझ्या मताची किंमत त्याच दिवशी संपली. चांगलं म्हटलं तर बायको म्हणून म्हणते. वाईट म्हटलं तर आज हिचं डोकं दुखतंय.

दुसऱ्या कुणाला विचारावं, तर दुसरे कोण? दिग्दर्शक म्हणायचे, छान, पण नऊ सेकंद कमी कर. त्याचं सगळं आयुष्य स्टॉपवॉच हातात धरून गेलं. दार उघडतं तिथे सुरू, पिस्तूल दिसतं तिथे थांब. एकदाच, ’७१ साली, त्याने कुणी न मागता एक सिंफनी लिहिली आणि मोठ्या वाद्यवृंदाला पाठवली. परत आली, सोबत सभ्य पत्र : कारागिरी उत्तम, मात्र चित्रपटाच्या सवयी दिसतात. ते पत्र त्याने फाडलं नाही. फाडलं असतं तर बरं झालं असतं.

त्याला एकच हवं होतं. कुणीतरी, जो त्याच्या घरचा नाही आणि त्याला कामही देत नाही, त्याने ऐकावं आणि खरं सांगावं. चौदा तारखेला ते होईल. व्यायामशाळाभर लोक आहेत, आणि आमच्या गावचे लोक आवडलं नाही तर टाळ्या वाजवत नाहीत.

गुरुवार, १५ ऑक्टोबर

परत हाकललं. गेले.

शनिवार, १७ ऑक्टोबर

बेकरीसमोर कोर्बिनियान भेटला. माणूस मिळाला म्हणाला. ऑग्सबर्गचा, निवृत्त, पूर्वी लष्कराच्या बँडचं लिहून द्यायचा. हाताला उरक आहे का? आहे. नीट वाचता येतं का लोरेन्झचं अक्षर? येतं, येतं. बोलताना माझ्याकडे न बघता पावांकडे बघत होता. पैशाबिशाची अडचण असेल असं वाटून मी विचारलं तर म्हणाला, तो हौसेने करतोय.

सुटे कागद मी उतरवते म्हटलं. चाळीस वर्षं दुसरं केलं काय? तर नको म्हणाला! त्याची मुलगी संगणकावर काढणार आहे. संगणकावर! संगणकाला काय कळतं, पान उलटायला वादकाचा हात कुठे मोकळा असतो ते?

मी दोन ब्रेत्सेल पाव घेतले आणि त्याचा निरोपही न घेता निघून आले.

मंगळवार, २० ऑक्टोबर

रात्रभर ओकारी. डॉक्टर आले. बाहेर आल्यावर मी विचारण्याआधीच त्यांनी मान हलवली. नाताळ सोडा, म्हणाले. आणि चौदा तारीख? त्यांनाही मैफलीचं माहीत आहे, त्यांचा भाऊ ट्युबा वाजवतो. चौदा तारखेला त्याला व्यायामशाळेत नेणं अशक्य. आणि चौदा तारखेला तो असेलच, हेही मी तुम्हाला सांगणार नाही, म्हणाले.

मी त्यांना कॉफीसुद्धा विचारली नाही.

गुरुवार, २२ ऑक्टोबर

आज हाकलायला त्याच्यात ताकद नव्हती, नुसतं बोट दाखवलं दाराकडे. गेले आणि तासाभरात परत आले. वाल्बुर्गा अंगणातच आडवी आली — आत्ताच डोळा लागलाय, जरा थांबा. माझ्याच घराबाहेर मी वीस मिनिटं ओल्या केसांनी सफरचंदं वेचत बसले.

गादी झटकताना पेन्सिलीला टोक काढल्याची सालं निघाली. वाल्बुर्गा ड्यूटीवर शब्दकोडी सोडवते वाटतं. बोलायचं नाही असं ठरवलंय. चांगली नर्स मिळत नाही.

शनिवार, २४ ऑक्टोबर

कोर्बिनियानकडे गेले. सरळ सांगितलं : चौदापर्यंत तो पुरणार नाही. मैफल व्यायामशाळेत करा तेव्हा करा, पण धून आधी येऊन आमच्या अंगणात वाजवा. पुढच्या पंधरवड्यात, जेव्हा तयार होईल तेव्हा.

त्याचा चेहरा काजळी नसतानाही काळा पडला. सत्तरी आधी साजरी करायची? त्याच्या क्सावर काकांना एक दिवस आधी शुभेच्छा दिल्या होत्या, पीठगिरणीत, गमतीत. दुसऱ्या दिवशी शिडीवरून पडले. माझ्या स्वतःच्या वडिलांचं काय झालं ते मी त्याला सांगितलं नाही. मीही मानते. मी त्या माणसाच्या बटणाला चारदा हात लावला, मी कुठल्या तोंडाने त्याला अंधश्रद्ध म्हणू?

“लोक माझ्याकडे नशीब मागायला येतात, बाई,” तो म्हणाला. “मी मास्तरांच्या दारात अपशकुन घेऊन कसा येऊ?”

बराच वेळ बसलो दोघं. त्याच्या बायकोने काळजाच्या गोळ्यांचं सूप आणून ठेवलं, ते निवलं. मी म्हटलं, हे बघ, शुभेच्छा भोवतात. वाजवणं भोवत नाही. तुम्ही या, वाजवा आणि जा. वाढदिवसाचं एक अक्षर काढायचं नाही. मेणबत्ती नाही, फुलं नाहीत, हातात हात देणं नाही. बँड काय, कुठेही सराव करतो. आमच्या अंगणात केला.

त्याने टेबलावर बोटांनी ताल धरला. मग म्हणाला, शनिवार सात तारीख. त्याआधी ट्रम्पेटवाल्यांचं बसत नाही.

सोमवार, २६ ऑक्टोबर

चूक करते आहे का मी? सात दिवस आधी. देवाला नियम वाचून दाखवता येतात का, की ह्या शुभेच्छा नव्हत्या बरं का?

रविवार, १ नोव्हेंबर

सर्व संतांचा दिवस. कबरीवर गेले, आईबाबांच्या दगडावर लाल दिवा लावला. बँड दफनभूमीत वाजवत होता, थंडीने ओठ निळे. नंतर कोर्बिनियान जवळ आला आणि ओठ न हलवता म्हणाला, ऑग्सबर्गहून सगळं आलं. गुरुवारी शेवटचं पान मिळालं. बँडने एकदा वाजवून पाहिलं, आणि क्लॅरिनेटवाली पोरगी मध्येच थांबून नाक पुसत होती. सर्दी असेल.

आमच्या दोघांसाठी त्याच भिंतीशी जागा घेऊन ठेवली आहे. तिकडे बघितलं नाही.

गुरुवार, ५ नोव्हेंबर

आज हाकललं नाही. बस म्हणाला. हात धरून बसलो. त्याचा हात पक्ष्यासारखा हलका झालाय. पोहायला का नाही पाठवलंस, विचारलं. म्हणाला, काम संपलं.

कसलं काम? झोपला होता.

शनिवार, ७ नोव्हेंबर

तीन वाजता आले. एकोणचाळीस वाजवणारे, आणि मागून निम्मं गाव, जणू सहज चालता चालता. मी त्याला टोपी घातली, दोन मफलर, खिडकी उघडली. फार चकित झाल्यासारखा दिसला नाही. तापामुळे असेल. चष्मा मागितला.

आणि सगळे गप्प! शे-दीडशे माणसं अंगणात उभी आणि कुणाच्या तोंडून शब्द नाही, चुकून शुभेच्छा निघून जाईल म्हणून. पोस्टमनने तर तोंडावर हात धरला होता. खाटकाने मला नुसता सॉसेजचा पुडा दिला आणि मान वळवली. कोर्बिनियानने ठरल्याप्रमाणे भाषण केलं नाही. एवढंच म्हणाला : “ही धून लोरेन्झ श्टाडेल यांची आहे. या घरात राहतात.”

सुरू झालं. पहिल्या दोन सुरांतच लोक एकमेकांकडे बघायला लागले. खाटीक लालबुंद झाला. बावीस वर्षं शिट्टी कुणासमोर वाजवत होतो ते आज त्याला समजलं. अडतीस सेकंदं झाली. जिथे टीव्हीवर संपते तिथे दोघाचौघांनी टाळीसाठी हात उचललेसुद्धा. पण बँड थांबला नाही. पुढचा भाग आला, जो मी तीस वर्षांपूर्वी उतरवला आणि ज्याला कुणी श्वास दिला नव्हता. पाठ म्हणावं तशी मी मनात पुढे पुढे चालले होते.

आणि मग चार ओळी अशा आल्या की ज्या मी कधी उतरवल्याच नव्हत्या.

माझ्याइतकं ते कागद कुणाला माहीत नाहीत. त्या धुनेत प्रत्येक सूर माझ्या मनगटातून गेलाय. इथे हॉर्न यायला हवे होते, आणि आली एकटी क्लॅरिनेट, खाली, अगदी हळू, जणू कुणी स्वयंपाकघरात स्वतःशीच गुणगुणतंय. मग ट्युबा तिच्या खाली येऊन उभा राहिला. घाई नाही. कुठे पोचायचं नाही. मग पुन्हा ओळखीचा भाग, आणि शेवट.

ऑग्सबर्गच्या त्या माणसाने घुसडलं होतं! माझ्या नवऱ्याच्या संगीतात! मी कोर्बिनियानकडे अशी बघत होते की त्याचा ताल चुकला. लोरेन्झकडे वळले तेव्हा तो बँडकडे बघतच नव्हता, माझ्याकडे बघत होता. कधीपासून, कोण जाणे.

लोकांनी टाळ्या वाजवल्या. खूप वेळ, हातमोजे काढून. मग एकेक जण निघून गेला, शुभेच्छा न देता, टोपीला हात लावत. ट्युबावाल्याने जाताना सफरचंदाच्या झाडाला ट्युबा आपटला.

रविवार, ८ नोव्हेंबर

सकाळी जागा होता, डोळे स्वच्छ. म्हणाला, दुसरी ट्रम्पेट चढी होती. म्हणजे बराय. मग विचारलं, मधल्या त्या चार ओळी कशा वाटल्या?

मी संतापाने सांगितलं, त्या तुझ्या नाहीत! कोर्बिनियानने ऑग्सबर्गहून कुणी म्हातारा लष्करी बँडवाला धरला, त्याने भर घातली. मी त्याला सोडणार नाही.

हो का, म्हणाला. पण कशा होत्या?

आता काय सांगायचं होतं मी? की तुझ्या तीन मिनिटांत त्या चार ओळीच राहिल्या कानात? की मी रात्रभर त्याच ऐकत पडले होते? सबंध आयुष्य या माणसाने एका खऱ्या शब्दाची वाट पाहिली, आणि शेवटी मी त्याला जाऊन सांगू की सगळ्यात चांगलं ते दुसऱ्याने लिहिलं?

“भरताड,” मी म्हटलं. “लष्करी माणूस. त्याला काय येणार.”

त्याने चष्मा काढून माझ्या हातात दिला. मग भिंतीकडे कूस केली. दमला असेल. मी पांघरूण नीट केलं. खोटं बोलले, पण प्रेमाने बोलले. तरी जेवण गेलं नाही.

सोमवार, ९ नोव्हेंबर

ऑग्सबर्गच्या माणसाला पत्र लिहिलं. कुणाला तरी खरं सांगितल्याशिवाय मला चैन पडेना. कच्चं इथे उतरवून ठेवते.

‘महाशय, दुसऱ्याच्या शेतात नांगर घालायला तुम्हाला कुणी सांगितलं होतं? माझ्या नवऱ्याच्या धुनेत तुम्ही चार ओळी घातल्यात, न विचारता. मी चाळीस वर्षं संगीताचे कागद उतरवले, मोठमोठ्यांचे उतरवले, त्यामुळे मला फसवणं सोपं नाही, आणि म्हणूनच पुढचं लिहिते. त्या चार ओळींसारखं मी फार थोडं ऐकलंय. त्यांत कुणाला काही विकायचं नाही, कुठल्या दाराच्या उघडण्याची वाट बघायची नाही. लिहिणाऱ्याने एकदाही घड्याळ पाहिलेलं नाही. त्या ऐकताना मला माझं सबंध लग्न आठवलं, आणि ते परक्या माणसाने कसं आठवून द्यावं हे मला कळत नाही. तुम्ही यापूर्वी काही लिहिलं नसेल तर आयुष्य वाया घालवलंत. लिहिलं असेल तर ते कुठे ऐकायला मिळेल ते कळवा. माझे पती फार आजारी आहेत. त्यांच्या कानावर यातलं काही जाऊ नये, ही विनंती. इर्मेला श्टाडेल.’

पत्ता माहीत नाही. कोर्बिनियानकडे दिलं, तुम्हीच पाठवा म्हटलं. त्याने पाकीट दोन्ही हातांनी धरलं आणि विचारलं, रागाचं आहे का? म्हटलं, अर्धं.

मंगळवार, १० नोव्हेंबर

औषधं आणायला गेले होते, परत आले तर कोर्बिनियान पलंगाशी बसलेला. धुराड्याचं विचारायला आलो म्हणाला आणि पळाला. धुराड्याला काय झालंय?

आणि लोरेन्झ! गालावर रंग. वाटीभर सूप प्याला, वर सफरचंदाची फोड मागितली. माझ्याकडे बघून हसायचा, मग डोळे मिटायचा, मग परत उघडून हसायचा. काय झालं रे, विचारलं. हवा चांगली आहे, म्हणाला. बाहेर नुसतं धुकं!

पियानोचं झाकण उघड, म्हणाला. उघडलं. वाजवायला नको, नुसतं उघडं असू दे.

बुधवार, ११ नोव्हेंबर

संत मार्टिनचा दिवस. पाच वाजता शाळेची मुलं कागदी कंदील घेऊन रस्त्यावरून गेली. तो गाण्याबरोबर ओठ हलवत होता. मला जवळ बोलावून म्हणाला, इर्मेला, तुझा कान अजून तरुण आहे. कशावरून म्हणतोस, विचारलं. त्याने माझा कान धरला, शाळामास्तर धरतो तसा, आणि तसाच झोपला.

गुरुवार, १२ नोव्हेंबर

पावणेदहाला गेला. मी त्याच्या कपाळावरचे केस मागे करत होते. वाल्बुर्गाने खिडकी उघडली, त्याला बाहेर पडता यावं म्हणून.

आता मी कुठे जाऊ गुरुवारी?

शनिवार, १४ नोव्हेंबर

आज सत्तर.

कोर्बिनियान आला. कोटाखालून कागद काढून टेबलावर ठेवले. पितळी वाद्यांसाठी बसवलेली मोठी प्रत. पेन्सिलीने, रेषा वाकड्यातिकड्या, पण ते अक्षर मी एकेचाळीस वर्षं उतरवलं आहे. प्रत्येक पानावर तारीख, प्रत्येक तारीख गुरुवारची. कोर्बिनियान म्हणाला, वाल्बुर्गाकडून निरोप धाडून मी पहिल्याच गुरुवारी त्यांना विचारायला आलो होतो, त्यांनी गाठोडं ठेवूनच घेतलं. ऑग्सबर्गला कुणी नाही, बाई.

मग माझं पत्र ठेवलं. पाकीट फोडलेलं, कागद घड्यांवर मऊ झालेला.

“मंगळवारीच पोचतं केलं,” तो म्हणाला. “तीनदा वाचून घेतलं त्यांनी.”